रिकाम्या खोलीचा आवाज

६ मार्च

ठिणगे,

पत्राच्या वर आशीर्वाद लिहायची पद्धत आहे. या खेपेला लिहीत नाही, कारण तो आत्ता मनात नाही, आणि मनात नसलेलं दाखवायला मी काही सिनेमा काढत नाही.

तीन दिवसांत तुझे चौदा फोन आले. एकही घेतला नाही. फोनवर तू मला बोलू देत नाहीस. 'अगं मावशी, ऐक तर' म्हणतेस आणि मग मीच ऐकत बसते. पत्रात तुला मध्ये तोंड घालता येत नाही आणि माझं वाक्य कापून तिसऱ्याच ठिकाणी चिकटवताही येत नाही. तेव्हा यापुढे जे काय ते लेखी.

मंगळवारी आमच्या रुग्णालयाच्या सभागृहात तुझा माहितीपट लागला. 'निनावी'. आजच्या माणसाचं अध्यात्म कुठे लपलंय ते शोधायला चार वर्षं हिंडलीस, त्याचा हा सिनेमा. तुझी आई आणि मी तिसऱ्या रांगेत. पहिला तासभर माझी मान ताठ होती, खोटं कशाला बोलू. रोज लिफ्टच्या आरशात बघून स्वतःला तीन वाक्यं ऐकवणारा विमा एजंट, वजन उचलण्याआधी डोळे मिटून ओठ हलवणारी ती व्यायामशाळेतली बाई, सगळं झकास टिपलंस. शेजारच्या परिचारिकेला मी कोपरानं ढोसून सांगितलंसुद्धा, की भाची आहे माझी.

मग आमचा पाचव्या मजल्यावरचा शांतिकक्ष आला. चार पांढऱ्या भिंती, बारा खुर्च्या, ना मूर्ती ना चित्र, कोपऱ्यात एक पेटी. ज्याला जे मागायचं ते चिठ्ठीवर लिहून पेटीत टाकावं. नऊ वर्षं ती खोली मी झाडते, खुर्च्या पुसते आणि ड्यूटी संपताना पेटी रिकामी करते. चिठ्ठ्या न वाचता कागद कातरायच्या यंत्रात घालायच्या, असा नियम.

आणि तू पडदा काळा केलास. काळ्या पडद्यावर माझा आवाज! 'मुलीचं काम पुरं होईपर्यंत मला सोबत दे. घरात एकटीने उठताना भीती वाटते. तिला कळलं तर ती काम अर्धवट टाकून येईल आणि जन्मभर मला ऐकवेल.' नंतर यंत्राची घरघर, कागद कातरल्याची.

हे मी तुझ्या कॅमेऱ्यासमोर वाचलेलं नाही. डिसेंबरात तू म्हणालीस, 'मावशी, सगळ्यांनी बाहेर, आता रिकाम्या खोलीचा आवाज घ्यायचाय.' मी हसले होते. रिकाम्या खोलीचा कसला आलाय आवाज? तू समजावलंस की प्रत्येक खोलीची शांतता निराळी असते, तुमच्यात ती एक मिनिट भरून घेतात, नाहीतर जोडकाम करताना सांधे ऐकू येतात. मग तुझा तो ध्वनिवाला कानसेन खुर्चीखाली यंत्र ठेवून तुमच्याबरोबर जेवायला गेला आणि ते बंद करायला विसरला. मी माझ्या वेळेला आत गेले, दार लावलं, पेटी उघडली.

यंत्रात घालण्याआधी प्रत्येक चिठ्ठी मी एकदा मोठ्याने वाचते. नियमाविरुद्ध आहे, मला शिकवू नकोस. माणसाने जे कुणालाच सांगितलं नाही, ते निदान एकदा कुणाच्या तरी तोंडून निघावं, मग खुशाल त्याच्या चिंध्या होऊ देत, एवढंच माझं म्हणणं. नऊ वर्षांत हे मी एका माणसाजवळ बोलले नाही. ते तू दोनशे माणसांना ऐकवलंस.

वर तुझं निवेदन. 'ही निनावी बाई देवाशी सौदा करते आहे. ती मागते ती सोबत अदृश्याची.' सौदा म्हणे! कुणी सांगितलं तुला? टाळ्या पडल्या आणि तू उभी राहून मान लववलीस.

वीस एप्रिलला हे वाहिनीवर लागणार म्हणतात. त्याआधी ते मिनिट काढून टाक. कारण विचारू नकोस. मावशी सांगते, एवढं कारण तुला आजवर पुरत आलंय.

— मावशी


११ मार्च

मावशी,

साष्टांग नमस्कार. मी लिहिते, कारण राग आला तरी माझ्या मनातला नमस्कार काही पळून जात नाही.

तुझं पत्र तीनदा वाचलं. तिन्ही वेळा 'कारण विचारू नकोस' पाशी डोकं फिरलं. मी काय सात वर्षांची आहे? चार वर्षं या कामावर घातली. घर सोडून तीन शहरांत भाड्याच्या खोल्यांत राहिले, मानववंशशास्त्राची शिकवायची नोकरी सोडली, आणि आता शेवटच्या टप्प्यावर तू म्हणतेस, फिल्मचं काळीज काढून टाक, का ते विचारू नकोस!

कानसेन यंत्र विसरला हे खरं. मुद्दाम केलेलं नाही. पण संकलनाच्या टेबलावर तो आवाज पहिल्यांदा ऐकला तेव्हा आम्ही तिघांनी तो लागोपाठ पाच वेळा लावला होता. जगभर लोक देवळं ओस पडली म्हणून रडतात, आणि इथे एका रुग्णालयाच्या कोपऱ्यात एक बाई रोज संध्याकाळी परक्यांची मागणी स्वतःच्या तोंडाने म्हणते. हे मी टाकून द्यायचं? तुझी परवानगी घ्यायला हवी होती, कबूल. मी तुला डिसेंबरातच कागदावर सही करायला लावली होती, त्यात 'चित्रीकरणादरम्यानचा सर्व आवाज' असं आहे, पण त्या सहीचा आडोसा घेत नाही. विचारायला हवं होतं. नाही विचारलं, कारण तू नाही म्हणाली असतीस.

पण मग मलाही एक विचारू दे. लोकांनी त्या चिठ्ठ्या तुझ्यासाठी लिहिल्या होत्या का? नऊ वर्षं तू चोरून वाचलंस ते पुण्य, आणि मी एकदा ऐकवलं ते पाप?

खरं कारण मला कळलंय. परवा अधीक्षकांच्या कचेरीतून मला फोन आला होता, म्हणजे तुला नोटीस मिळाली असणार. नोकरीची दीड वर्षं उरलीत आणि तू घाबरली आहेस. तसं सरळ लिहायचं ना! त्याला उपाय आहे. तुझा आवाज आम्ही यंत्रावर बदलून देतो, खालचा वरचा करतो, तुझी सख्खी बहीणसुद्धा ओळखणार नाही. आणि ती चिठ्ठीवाली कोण, हे तर ब्रह्मदेवाला कळायचं नाही. म्हणून तर नाव 'निनावी'.

बहिणीवरून आठवलं. आई मध्येच उठून गेली, पाहिलंस ना? बाहेर गाठलं तर म्हणे डोकं दुखतंय. माझं कुठलं काम तिनं शेवटपर्यंत बसून बघितलंय? डोक्याला रुमाल मात्र ऐटीत बांधला होता. म्हटलं, नवी फॅशन का? तर म्हणाली, कानाला वारा लागतो. डिसेंबरात अकरा दिवस तुमच्याच गावात होते, तर घरी येऊ नकोस म्हणाली, रंगकाम चाललंय. मी आपली सगळ्या पथकाबरोबर लॉजवर. माझ्या घराण्यात मला कुणी मनावर घेत नाही ते नाहीच. निदान तू तरी त्या रांगेत जाऊन बसू नकोस.

मिनिट राहणार.

— ठिणगी


१५ मार्च

ठिणगे,

नोटीस आली. मी त्याच कागदावर चहाचा कप ठेवते. नोकरीची भीती म्हणे! तुझ्या आजोबांच्या माघारी सोळाव्या वर्षी कामाला लागलेली बाई मी, मला तू आवाज खालचा वरचा करून देणार?

मी तोंड बंद ठेवायचं वचन दिलं होतं. ते आज मोडते. पाप लागलं तर अर्धं तुझ्या माथी.

ती चिठ्ठी तुझ्या आईची आहे.

डिसेंबरच्या अकरा तारखेला ताईला पहिलं सलाईन लागलं. छातीत गाठ आहे. दर तीन आठवड्यांनी गुरुवारी औषध चढवतात. तू पाचव्या मजल्यावर शांततेचं शूटिंग करत होतीस तेव्हा ती दुसऱ्या मजल्यावर हाताला सुई लावून पडली होती. सकाळी तुमचं सामान यायच्या आधी ती वर आली, चिठ्ठी टाकली आणि खाली गेली. पेटी उघडल्यावर मी अक्षर ओळखलं. तीच तू ऐकवलीस. ताईला, तिसऱ्या रांगेत बसवून, माझ्या आवाजात, सौदा म्हणून.

कसलं रंगकाम आणि कसला वारा! केस गेलेत तिचे. तू तिच्यासमोर उभी राहून रुमालाची थट्टा केलीस. चार वर्षं परक्यांच्या हातांची जवळून चित्रं घेतलीस, कोण बोटं कशी जुळवतो, कोण कपाळाला कसा हात लावतो. आईच्या मनगटावर सुईची निळी खूण आहे, ती नाही दिसली? त्या हातानेच तिनं तुझ्या गालाला हात लावला होता, मी बघितलं.

आता काढतेस का ते मिनिट, का अजून काळीजच आहे ते?

— मावशी


२१ मार्च

मावशी,

तुझं पत्र मंगळवारी मिळालं. बुधवारी सकाळच्या गाडीने मी आईकडे गेले. तुझ्याकडे आले नाही, कारण आले असते तर तोंडातून काय निघालं असतं कुणास ठाऊक. आता लिहिते.

तीन महिने! तीन महिने तुला ठाऊक होतं. तू माझ्याशी दर रविवारी फोनवर हसत बोललीस. 'ताई मजेत आहे, सकाळी फिरायला जाते' हे तुझे शब्द आहेत. शूटिंगच्या अकराही दिवशी तू मला खुर्च्या सरकवून दिल्यास, कानसेनला पाणी विचारलंस, आणि त्यातल्याच एका दिवशी तीन मजले खाली माझी आई! मी एक मिनिट चोरलं म्हणून तू माझ्यावर तुटून पडलीस. तू माझे तीन महिने चोरलेस, त्याचं काय करायचं? कुठल्या यंत्रात घालायचे ते?

वचन दिलं होतं म्हणतेस. कुणी मागितलं ते दिसतंच आहे. पण असली वचनं मोडायची असतात, हे कळायला पन्नाशी उलटावी लागते का?

आईने दार उघडायला इतका वेळ लावला की मी शेजारी चौकशी करायला निघाले होते. मला बघून म्हणाली, 'तू कशी काय? काम संपलं?' मी पिशवी टेबलावर ठेवली. कॅमेरा पिशवीत असतोच, मी तो कुठे नेत नाही असं होत नाही, त्याचं तोंड जरा बाहेर आलेलं. ती त्याच्याकडे बघून म्हणाली, 'ते बंद आहे ना?'

माझ्या आईनं मला विचारलं, मावशी. ते बंद आहे ना.

मी म्हटलं, मला सगळं कळलंय. ती म्हणाली, 'मावशीला कशाचंही मोठं करायची सवय आहे.' मग गॅसवर दूध ठेवलं आणि पाऊसपाण्याच्या गोष्टी सुरू केल्या. मी रागावले, रडले, ओरडले. तिनं सगळं ऐकून घेतलं आणि घड्याळाकडे बघत विचारलं, 'परतीची गाडी कितीची?' तीन तास बसले. वाहिनीकडे शुक्रवारपर्यंत अंतिम प्रत द्यायची होती. परत आले.

आणि भिंतींना रंग लागलेलाच नाही, हे मी तेव्हा पाहिलं.

मिनिटाचं म्हणशील तर आता अजिबात काढणार नाही. वाहिनीकडून मुदत वाढवून घेतली आहे, ती निवेदन नीट करायला. इतके दिवस ती चिठ्ठी कुणाचीच नव्हती म्हणून तू हक्क सांगत होतीस. आता ती माझ्या आईची आहे, म्हणजे माझी आहे. तिनं तोंडाने जे मला सांगितलं नाही, ते एवढं एकच तर माझ्याजवळ आहे. तेही तुला यंत्रात घालायचंय?

— ठिणगी


२७ मार्च

ठिणगे,

तीन तास! तीन तास बसलीस आणि गाडीची वेळ झाली म्हणून उठून आलीस! वर मला विचारतेस चोरी कुणाची. 'परतीची गाडी कितीची' असं ती म्हणाली म्हणून लगेच निघायचं असतं? तिचं तोंड काय बोलतं आणि पोट काय बोलतं, हे पोटच्या पोरीला कळू नये?

शिव्या दिल्यास, त्यातल्या काही लागल्या. लागू देत. पण एक ऐक. मी तुझ्यापासून लपवलं, पण ताईला वाऱ्यावर सोडलेलं नाही. दर गुरुवारी, म्हणजे ज्या ज्या गुरुवारी औषध असतं, मी ड्यूटीतून तासभर सुटका मागून तिच्याशेजारी बसते. डबा नेते. औषध संपलं की खाली नेऊन टॅक्सीत बसवून देते, चालकाला पत्ता दोनदा सांगते आणि मग माझ्या कामाकडे पळते. कालही तसंच केलं. सहावं होतं. विचारलं, ठीक ना? म्हणाली, ठीक. आणखी काय करायला हवं होतं?

तू विचारलं नाहीस तरी सांगते. ती चिठ्ठी हातात आली तेव्हा मला कसं झालं असेल? वाटलं, हे तिचं आणि देवाचं बोलणं, मी मध्ये कोण? म्हणून बाकीच्यांची वाचते तशी वाचली, छताकडे बघितलं आणि यंत्रात घातली. नंतर तिच्याजवळ अवाक्षर काढलं नाही. हिला सोबत दे रे बाबा, असं मात्र रोज म्हणत आले. हे तुझ्या सिनेमात घाल, हवं तर.

माझी खोली गेली. पेटी काढून नेली, दाराला कुलूप, मला चादरींच्या भांडारात टाकलंय. परवा एक बाई चिठ्ठी हातात धरून कुलपासमोर उभी होती. मला विचारलं, आता कुठे टाकायची? मी काय सांगणार? तुझ्या त्या सौद्याच्या वाक्याने एवढं साधलं. काढ ते मिनिट. ताईसाठी काढ. शेवटचं सांगते.

— मावशी


३ एप्रिल

धाकटे आणि ठिणगे,

दोघींना एकच पत्र. हात दुखतो, दोनदा लिहायला जमणार नाही, म्हणून झेरॉक्स काढली. मूळ प्रत कुणाला आली यावरून भांडू नका.

परवा धाकटी येऊन तुमची सगळी पत्रं, ठिणगीची आलेली आणि स्वतःच्या पत्रांच्या ठेवलेल्या नकला, माझ्यापुढे टाकून गेली. म्हणाली, ताई, तूच वाच आणि न्याय कर. स्वतः पाच मिनिटंही टेकली नाही, चादरींचा हिशेब अर्धा टाकून आले होते म्हणाली. मी वाचली. एका बैठकीत. औषधाने मळमळतं, पण या पत्रांनी जास्त मळमळलं.

एक भाची, एक मावशी. एकीला मिनिट हवं, एकीला नको. माझी छाती, माझी चिठ्ठी, माझे केस, आणि पाच पत्रांत एकीनंही 'आईला विचारू', 'ताईला विचारू' असं लिहिलेलं नाही. मी अजून आहे गं. एवढी घाई कशाला?

मी तीस वर्षं टेलिफोनच्या बोर्डावर बसले. याचं त्याच्याशी, त्याचं हिच्याशी जोडून दिलं आणि कान काढून घेतला. एकाचंही बोलणं ऐकलं नाही. ऐकू येत नव्हतं म्हणून नाही, ऐकायचं नसतं म्हणून. आणि माझ्याच घरात एक लोकांच्या चिठ्ठ्या वाचते, दुसरी लोकांचे श्वास भरून घेते. दोघी मोठ्या धार्मिक. एकीला वाटतं आपण पूजा करतो, दुसरीला वाटतं आपण ज्ञान मिळवतो.

आता नीट ऐका, कारण हे मी तोंडाने सांगणार नाही.

मी देवाला चिठ्ठ्या लिहीत नाही. कधी लिहिली नाही. ती चिठ्ठी धाकटीला होती.

धाकटे, तू वाचतेस हे मला चांगलं माहीत होतं. तू लहान असल्यापासून दुसऱ्याचं पत्र तुझ्या हाती आलं आणि तू मोठ्याने वाचलं नाहीस, असं एकदाही झालेलं नाही. शिवाय मागे एकदा तुला घरी न्यायला पाचव्या मजल्यावर आले होते, तेव्हा दाराबाहेर उभी राहून ऐकलंय. मला मागता येत नाही. उसनी वाटी मागायलासुद्धा मी शेजारी कधी गेले नाही, तुला ठाऊक आहे. औषध सुरू व्हायच्या दिवशी भीती वाटली. तुला समोर बसवून 'माझ्याकडे राहायला ये' असं म्हणायला जीभ वळेना. म्हटलं, तुझ्याच पेटीत टाकावं. तू वाचशील, संध्याकाळी पिशवी घेऊन दारात उभी राहशील आणि दोघींनाही त्यावर बोलावं लागणार नाही. नाव लिहिलं नाही, एवढी माझी चूक.

त्या संध्याकाळी मी दुसरी गादी काढून ठेवली होती. तिसऱ्या दिवशी परत गुंडाळली.

तू काय केलंस? मोठ्याने वाचलीस, छताकडे बघितलंस आणि कातरून टाकलीस. दर खेपेला मला टॅक्सीत बसवून, माझ्यासाठी प्रार्थना करत वर पळालीस. जानेवारीत न्हाणीघरात पडले. कोपर सुजलं. तू विचारलंस तर म्हटलं, दाराला आपटलं. तू मान डोलावलीस आणि डब्याचं झाकण उघडलंस. फेब्रुवारीत परत पडले, तेव्हा पाऊण तास फरशीवर बसून होते. देवाची सोबत होती असेल, पण त्याने काही हात दिला नाही.

आणि तू, ठिणगे. चिठ्ठीत काय अवघड होतं? एक बाई म्हणते, घरात एकटीने उठताना भीती वाटते. एवढं शिकलेलं माणूस, हे ऐकून तुला अदृश्य आठवलं. सोबत म्हणजे सोबत. घरात एक माणूस. सकाळी उठताना दंडाला धरणारं, दुधावर लक्ष ठेवणारं, बेल वाजली तर दार उघडणारं. तुझ्या शास्त्रात याला काही नाव आहे का? नसेल तर राहू दे. ते वाक्य ऐकून दोनशे माणसांनी टाळ्या वाजवल्या. कुणी एकानेही विचारलं नाही, की मग त्या बाईकडे गेलं का कुणी?

तू माझ्यासमोर रडलीस तेव्हा मला घड्याळाकडे बघायचं नव्हतं. पण तू बसली होतीस चप्पल पायात ठेवून. त्या माणसाला मी काय म्हणणार?

तुझं काम पुरं व्हावं असं मला वाटत होतं, ते खरं. आजही वाटतं. अर्धवट टाकून आली असतीस तर भांडणात कधीतरी 'तुझ्यासाठी मी' असं म्हणाली असतीस. मी ते ऐकून घेतलं नसतं. तुमच्या दोघींच्या अंगातला हा जाळ कुठून आला, ते आता कळलं असेल.

मिनिटाचं सांगते. ते ठेव. धाकटीचा आवाज आहे तसा राहू दे, खालचा वरचा करू नकोस. यंत्राची घरघरही राहू दे, ती फार खरी आहे. पण त्याच्या वरचं तुझं निवेदन काढून टाक. सौदा, अदृश्य, एकूण एक शब्द. ते मिनिट संपलं की काळ्या पडद्यावर पांढऱ्या अक्षरांत लिही: 'ही चिठ्ठी देवाला नव्हती. बहिणीला होती. पोहोचली नाही.' एवढंच. माझं नाव घालायचं असेल तर घाल. निनावी राहायचा मला कंटाळा आलाय.

अधीक्षकांना मी वेगळं पत्र लिहिलंय. चिठ्ठी वाचली म्हणून नाही, वाचून काही केलं नाही म्हणून माझी तक्रार आहे, आणि ती तक्रार घरातली आहे, त्यांनी तिच्यात पडू नये. पेटी परत ठेवा, कुलपासमोर लोक उभे राहतात, असंही लिहिलंय. त्यांचं ते बघतील.

सोळा तारखेला सातवं सलाईन आहे. गादी काढायला मला आता वाकवत नाही, ती तुमची तुम्ही काढा. किल्ल्या दोन करून आणल्या आहेत, प्रत्येकीच्या पाकिटात एक घातली आहे.

बेल वाजवू नका. मला उठून यावं लागतं.

— आई, ताई, जी काय ती